मधेच गुंडाळलेली गंडम आणि तोमिनो : एका सिरीयलची पूर्ण केस

गंडम ही रोबोंची जपानी ॲनिमे, म्हणजे कार्टून सिरीयल, आधी आपटली होती असं सांगितलं तर आत्ताची ॲनिमे बघणारी पोरं विश्वासच ठेवत नाहीत. योकोहामाला १८ मीटरचा हलणारा रोबो उभा केला होता, प्लॅस्टिकच्या किटांनी लोकांच्या खोल्या भरल्यात, आणि हीच सिरीयल १९७९ साली ५२ भागांची ठरलेली असताना ४३ भागांत आवरती घ्यायला लावली होती. आता ही गोष्ट सांगायची ठरलेली रीत अशी, की स्पॉन्सर अडाणी, डायरेक्टर जीनियस आणि शेवटी कलेचा विजय असो. मला हे काही पटत नाही. ज्यांनी पैसे घातले होते त्यांच्यासमोर जे आकडे होते त्या हिशोबाने त्यांचा निर्णय चुकीचा नव्हता, आणि डायरेक्टर योशियुकी तोमिनोने जे केलं ते बाजाराशी भांडून नाही तर बाजाराच्या पोटात शिरून केलं. गडबड वेगळीच होती. सिरीयल बघणारा एक होता आणि खेळणं विकत घेणारा दुसराच, आणि मोजमाप फक्त दुसऱ्याचं चाललं होतं.

माणूस कुठून आला

तोमिनोचा जन्म १९४१ चा, ओदावाराचा. निहोन युनिव्हर्सिटीच्या कला विभागात सिनेमा शिकला आणि १९६४ ला ओसामु तेझुकाच्या मुशी प्रॉडक्शन या ॲनिमे स्टुडिओत लागला. तिथे ॲस्ट्रो बॉय या सिरीयलचं काम जोरात चालू होतं. दर आठवड्याला अर्ध्या तासाचा भाग द्यायचा म्हणजे चित्रं कमी काढायची, एकच चित्र जास्त वेळ धरून ठेवायचं, जुने तुकडे परत वापरायचे, आणि हे सगळं बघणाऱ्याच्या लक्षात येऊ नये म्हणून कॅमेरा, कट आणि संवाद यांच्यावर गाडी हाकायची. चॅनेलकडून मिळणाऱ्या पैशात खर्च भागायचा नाही, तो भरून निघायचा कॅरेक्टरचे हक्क विकून. म्हणजे चित्रपट करायची स्वप्नं घेऊन आलेला हा पोरगा पहिल्या दिवसापासून शिकला काय तर गोष्ट ही दुसरं काहीतरी विकण्यासाठी सांगितली जाते. कडवट आहे, पण पुढच्या सगळ्या करिअरची चावी इथेच आहे.

मुशी सोडल्यावर तो फ्रीलान्स स्टोरीबोर्ड, म्हणजे प्रत्येक सीनचे कच्चे चित्र-आराखडे, काढायला लागला. कुठल्याही स्टुडिओचं काम घ्यायचं आणि भराभर काढून द्यायचं, इतकं की लोक त्याला भटका स्टोरीबोर्डवाला म्हणायचे. १९७४ ला त्याने ताकाहाता या डायरेक्टरच्या हायडी सिरीयलचे बोर्ड काढले आणि त्याच साली यामातो या अंतराळातल्या युद्धनौकेच्या सिरीयलच्या एका भागाचेही काढले. गंमत म्हणजे या दोन्ही सिरीयल रविवारी एकाच वेळेला वेगवेगळ्या चॅनेलवर लागायच्या, म्हणजे आल्प्समधली शेळ्या राखणारी मुलगी आणि अंतराळातली युद्धनौका एकमेकींचे प्रेक्षक खात होत्या आणि दोन्हीकडे या गड्याचा हात लागलेला. यामातोच्या निर्मात्याशी त्याचा स्टोरीबोर्डमधल्या बदलांवरून खटका उडाला आणि ती खुन्नस त्याने पुढे बरीच वर्षं जपली. गंडमच्या वेळी यामातोला हरवायचं डोक्यात होतं, हे तो स्वतः सांगत आलाय.

स्वतः डायरेक्टर म्हणून १९७२ ला ट्रायटन केली, तिच्या शेवटच्या भागात नायकालाच कळतं की पहिलं पाप आपल्याच पूर्वजांचं होतं. १९७५ ला रायदीनवरून मधेच काढून टाकलं आणि उरलेली सिरीयल दुसऱ्याने पुरी केली. १९७७ ला झॅम्बोट ३, त्यात नायकाच्या कुटुंबातली माणसं एकामागून एक मरतात, आणि ज्यांना वाचवायचं ते लोकच तुमच्यामुळे आमची घरं गेली म्हणून नायकाला दगड मारतात. हे सगळं लहान मुलांच्या रोबो सिरीयलमध्ये बरं का. यातूनच त्याला सगळ्यांना मारून टाकणारा तोमिनो असं नाव पडलं.

पैसे कोण घालत होतं आणि कशासाठी

झॅम्बोट ज्या स्टुडिओने काढली तो निप्पोन सनराइज, मुशीमधून बाहेर पडलेल्या लोकांनीच उभा केलेला. आधी दुसऱ्यांची ठेक्याची कामं करून दिवस काढले आणि मग ठरवलं की आता स्वतःच्या मालकीच्या सिरीयल करायच्या. त्यासाठी खेळणी बनवणारी क्लोव्हर ही कंपनी मिळाली. झॅम्बोट आणि त्यानंतरची डायटार्न ३ या दोन्हींची खेळणी खपली, त्यामुळे १९७९ च्या नव्या सिरीयलला क्लोव्हर तयारच होती.

इथे हिशोब अगदी साधा होता. भाग शनिवारी संध्याकाळी साडेपाचला नागोया टीव्हीवरून लागणार, प्राथमिक शाळेतला मुलगा बघणार, आईबापाकडे हट्ट करणार, धातूचा रोबो विकला जाणार. त्यासाठी रोबो मोठा हवा, त्याचे भाग सुटे होऊन परत जोडले जायला हवेत, रंग भडक हवेत आणि प्रत्येक भागात मारामारी हवी. एवढं मिळालं की वरच्या गोष्टीत काय चाललंय याच्याशी क्लोव्हरला फारसं देणंघेणं नव्हतं. तोमिनोला खेळायला मोकळं रान मिळालं ते नेमकं इथे. हा गुण मला त्याच्यात सगळ्यात मोठा वाटतो, की अट आली की वाद घालत बसायचं नाही, ती अट गोष्टीतच अशी मुरवायची की बघणाऱ्याला ती अट होती हेच कळू नये.

उदाहरण बघा. मूळ कल्पना होती अंतराळात अडकलेल्या पोरांची, एकोणिसाव्या शतकातल्या बेटावर अडकलेल्या मुलांच्या कादंबरीच्या वळणाची. त्यात रोबो घालायचा ठरला तेव्हा माणसाने अंगावर चढवायचं चिलखत असा विचार होता, पण एवढंसं चिलखत खेळणं म्हणून कोण घेणार, म्हणून तो वाढत वाढत १८ मीटरचा झाला. आता प्रश्न असा, की भविष्यातल्या युद्धात रडार आणि क्षेपणास्त्रं असताना १८ मीटरची यंत्रं तलवारी घेऊन एकमेकांच्या अंगावर कशाला जातील? त्यावर तोमिनो आणि त्याच्या लेखकांनी मिनोव्स्की कण नावाची चीज काढली, हे कण पसरले की रडार आंधळं होतं, लांबून नेम धरता येत नाही, मग जवळ जाऊनच लढावं लागतं. म्हणजे खेळण्याच्या दुकानाची गरज होती आणि तिचं त्यांनी भौतिकशास्त्र करून टाकलं! रंगाचंही तसंच. त्याला बहुतेक पांढरा रोबो हवा होता, मिळाला लाल, निळा, पिवळा घातलेला. तरी सिरीयलमध्ये शत्रूचे सैनिक त्याला तो पांढरा असंच म्हणतात.

पडद्यावर काय चाललं होतं

७ एप्रिल १९७९ ला पहिला भाग लागला. सुरुवातीलाच निवेदक सांगतो की महिनाभराच्या युद्धात निम्मी माणूसजात मेली. नायक आमुरो हा घरात कपड्यांचं भान न ठेवता यंत्रं जोडत बसलेला एकलकोंडा पोरगा, रोबोत बसतो आणि मॅन्युअल वाचत वाचत तो चालवतो. शत्रू राक्षस नाही, परग्रहावरचा नाही, झिऑन नावाचा माणसांचाच देश आहे आणि त्यांच्यातही चांगले लोक आहेत. नवव्या भागात आमुरो मी नाही जाणार म्हणून बसतो आणि जहाजाचा कप्तान ब्राइट त्याच्या थोबाडीत मारतो. पुढे तर तो चक्क गंडम घेऊन पळून जातो.

तेरावा भाग बघितला नसेल तर बघाच. आमुरो पृथ्वीवर आपल्या गावाला जातो, लहानपणी बाप त्याला अंतराळात घेऊन गेला आणि आई मागे राहिली होती. आई निर्वासितांच्या छावणीत भेटते. तेवढ्यात शत्रूचे दोन सैनिक तपासणीला येतात, आई त्याला आजारी म्हणून खाटेवर झोपवते, आणि सैनिक पांघरुणाला हात घालणार तेवढ्यात आमुरो पांघरुणाच्या आतूनच गोळी झाडतो. आता कुठल्याही दुसऱ्या सिरीयलमध्ये आई पोराला मिठी मारेल. इथे ती हादरते, त्या माणसालाही घरदार असेल म्हणते, आपला पोरगा असा कसा झाला म्हणून रडते, आणि आमुरोला कळतच नाही की मी मेलो असतो तर चाललं असतं का हिला. भागाच्या शेवटी तो आईला सैनिकासारखा सॅल्यूट ठोकतो आणि निघून जातो. शनिवारी संध्याकाळी हे बघणाऱ्या आठ वर्षांच्या पोराने यातून कुठला रोबो मागायचा?

बंद पडली ती कशी

कांतो भागात, म्हणजे तोक्यो आणि आसपास, रेटिंगची सरासरी ५.३ टक्क्यांवर राहिली. त्या काळात त्या वेळेच्या सिरीयलसाठी हे कमीच. खेळणीही हलेनात. क्लोव्हरने नवीन काहीतरी द्या म्हणून तगादा लावला आणि मधल्या भागांत गंडमला जोडायचं जी-आर्मर नावाचं विमानासारखं प्रकरण आलं. तोमिनोने ते घेतलं, वापरलं आणि पुढे सिनेमे करायची वेळ आली तेव्हा गुपचूप काढून त्याच्या जागी साधं लढाऊ विमान टाकलं. यावरून त्याचं त्याबद्दल काय मत होतं ते समजतं.

शेवटी ५२ चे ४३ झाले. त्यातच यासुहिको आजारी पडून हॉस्पिटलात गेला. कॅरेक्टर त्याने बनवलेली आणि चित्रांची मुख्य देखरेखही त्याच्याकडे, त्यामुळे शेवटच्या भागांत चेहरे हललेत ते डोळ्याला दिसतं. नऊ भाग गेले म्हणजे गोष्टीचा साधारण सहावा हिस्सा गेला, आणि तोही शेवटचा, जिथे सगळे धागे बांधायचे असतात. सगळ्यात जास्त फटका लालाह या मुलीच्या कथेला बसला. ती येते ३४ व्या भागात आणि जाते ४१ व्या भागात, आणि एवढ्यात तिने आमुरोला समजून घ्यायचं, झिऑनचा सरदार शार याच्याशी नातं दाखवायचं आणि न बोलता एकमेकांचं मन ओळखणारी नवी माणसं ही सिरीयलची मुख्य कल्पनाही पोचवायची. घाई होते ती लपत नाही. पण माझं मत विचाराल तर थोडा फायदाही झाला, शेवटचे भाग श्वास घेऊ देत नाहीत.

२६ जानेवारी १९८० च्या शेवटच्या भागात गंडमचं डोकं उडतं, हात तुटतो आणि आमुरो तो जळका सांगाडा मागे टाकून एका छोट्या विमानातून बाहेर पडतो. जे खेळणं विकायला ही सिरीयल काढली त्या खेळण्याचे शेवटी तुकडे, आणि माणसं मात्र वाचलेली. सगळ्यांना मारणारा म्हणून नाव असलेल्या माणसाने इथे जहाजावरच्या पोरांना जिवंत ठेवलं, हे मुद्दाम सांगण्यासारखं, कारण त्याच सुमारास तो गंडमची कादंबरीही लिहीत होता आणि तिच्यात त्याने आमुरोला मारलाय. म्हणजे तो शेवट त्याच्या हातात होता, टीव्हीसाठी त्याने तो निवडला नाही.

मग उलटलं कसं

बघणारे लोक होतेच. ते फक्त प्राथमिक शाळेत नव्हते, हायस्कूल-कॉलेजात होते, त्यात मुलीही भरपूर. ॲनिमेज, आऊट, ॲनिमेक अशी मासिकं तेव्हा नुकतीच चालू झालेली, आणि ती गंडमवर पानंच्या पानं छापत होती. या वयाचा माणूस दुकानात जाऊन बटण दाबल्यावर मूठ सुटणारा धातूचा रोबो घेत नाही, लाज वाटते. पण त्याला काहीतरी हवं होतं. सिरीयल संपल्यावर पुन्हा दाखवायला लागले तसा प्रेक्षक वाढत गेला, आणि जुलै १९८० ला बान्दाई या दुसऱ्याच खेळण्यांच्या कंपनीने गंडमचं प्लॅस्टिकचं किट बाजारात आणलं, १/१४४ आकाराचं, किंमत ३०० येन.

हे किट का चाललं याचा विचार केला तर सगळी केस उलगडते. एक तर ३०० येन शाळकरी पोराच्या खिशात असतात, आईबापाला विचारायला नको. दुसरं म्हणजे ते स्वतः कापायचं, चिकटवायचं, रंगवायचं, म्हणजे रणगाड्यांची मॉडेलं बनवणाऱ्या मोठ्या पोरांनाही ते शोभत होतं, आणि एकाच मापात सगळे रोबो असल्यामुळे शेजारी शेजारी उभे करता येत. पण खरी मेख शत्रूच्या रोबोत होती. नेहमीच्या सिरीयलमध्ये शत्रूचा रोबो एका भागात येऊन फुटून जातो, त्याचं खेळणं कोण काढणार. गंडममध्ये झाकू हा कारखान्यात शेकड्यांनी बनणारा सैन्याचा माल, कित्येक भागांत तोच, वर एका हिरोछाप सरदाराचा लाल रंगातला. एकाने दहा झाकू घेतले तरी वेडेपणा वाटणार नाही. तोमिनोने शत्रूला माणूस केलं आणि त्याचं यंत्र रोजच्या वापरातलं केलं, हे त्याने गोष्टीसाठी केलेलं, पण दुकानदाराच्या दृष्टीने बघितलं तर त्याने एका सिरीयलमधून विकायला दुप्पट माल काढून दिला होता. फक्त तो माल ज्याला विकता आला असता ती कंपनी वेगळी निघाली.

मग सिनेमा. यामातोचे टीव्हीवरचे भाग कापून एक सिनेमा १९७७ ला काढला होता आणि तो तुफान चालला, त्यामुळे गंडमचंही तसं करा म्हणून मागणी आलीच. तोमिनो अडून बसला, ४३ भाग एका सिनेमात कोंबायचे नाहीत. पहिला १४ मार्च १९८१ ला लागला, दुसरा जुलैमध्ये, तिसरा मार्च १९८२ ला. तिसऱ्यासाठी बरा झालेल्या यासुहिकोने बराच मोठा भाग नव्याने काढून घेतला, म्हणजे नऊ भाग कापल्यामुळे आणि आजारपणामुळे जे बिघडलं होतं ते दोन वर्षांनी दुसऱ्याच्या पैशाने दुरुस्त करून घेतलं. आणि स्टोरीबोर्डचा जो धंदा त्याने वर्षानुवर्षं केला तो इथे कामाला आला, कुठला तुकडा ठेवायचा आणि कुठला फेकायचा हे त्याला डोळे मिटून कळत होतं.

पहिल्या सिनेमाच्या आधी २२ फेब्रुवारी १९८१ ला शिंजुकू स्टेशनबाहेर कार्यक्रम ठेवला होता, नाव दिलं ॲनिमेच्या नव्या शतकाची घोषणा. हजारोंनी पोरं आली, अंदाजाच्या बाहेर, आणि चेंगराचेंगरी होते की काय अशी वेळ आली. तेव्हा तोमिनोने माइक घेऊन पोरांना शांत केलं, त्याचं म्हणणं असं की इथे काही झालं तर ॲनिमेवाले असेच म्हणून बाहेरचे लोक बोटं दाखवतील, तेव्हा जपा. बरं, हा प्रसंग लोक नेहमी नव्या युगाची पहाट वगैरे म्हणून सांगतात, पण एक गोष्ट सोडून देतात. त्याची पुढची सिरीयल इडिऑन, तीही खेळणी खपेनात म्हणून ३९ भागांवर कापली, आणि तिचा शेवटचा भाग लागला ३० जानेवारी १९८१ ला. म्हणजे शिंजुकूत त्याच्या नावाने गर्दी जमायच्या तीनच आठवडे आधी. गंडममधून टीव्हीच्या धंद्याने काही शिकावं इतका वेळच गेला नव्हता.

कोणाला काय मिळालं

क्लोव्हर १९८३ ला बुडाली, तेव्हाही ती तोमिनोच्याच डनबाइन या सिरीयलची स्पॉन्सर होती. मला त्यांची थोडी कीवच येते, त्यांनी पैसे घातले, या माणसाच्या सिरीयल चालू ठेवल्या आणि मलई बान्दाईने खाल्ली. बान्दाईच्या किटांसाठी १९८२ च्या सुरुवातीला चिबातल्या एका मॉलमध्ये पोरांची अशी झुंबड उडाली की एस्केलेटरवर पडून मुलं जखमी झाली, इथपर्यंत मजल गेली होती.

तोमिनोला नाव मिळालं. हक्क सनराइजकडे गेलेले, त्यामुळे एवढ्या मोठ्या व्यवहारात त्याचा वाटा त्या मानाने फारच थोडा. आणि नावाबरोबर गंडम गळ्यात पडली. १९८५ ला झेटा, मग १९८८ चा सिनेमा, १९९१ चा आणखी एक, १९९३ ला व्हिक्टरी. व्हिक्टरी चालू असताना सनराइज बान्दाईच्या ताब्यात जायच्या हालचाली चालल्या होत्या, १९९४ ला ते झालं, आणि ती सिरीयल बघितली तर करणाऱ्याच्या मनात किती विष साठलंय ते कळतं. पुढे तिचा डीव्हीडी संच निघाला तेव्हा हा विकत घेऊ नका असं खुद्द तोमिनोच सांगत होता. त्यानंतर काही वर्षं तो डिप्रेशनमध्ये होता, त्याबद्दलही तो उघड बोललाय. बाहेर आला तो १९९९ च्या टर्न ए गंडममधून, जिच्यात आधीच्या सगळ्या गंडमना त्याने एका प्राचीन, विसरलेल्या इतिहासात टाकून दिलं आणि रोबोला चक्क मिशा दिल्या.

२०२१ ला जपान सरकारने त्याचा सांस्कृतिक क्षेत्रातल्या कामासाठी मोठा सन्मान केला. त्याच्या आधी २०१४ ला त्याने जी नो रेकोंगिस्ता नावाची आणखी एक गंडम केली होती, ही लहान मुलांसाठी आहे, मोठ्यांसाठी नाही, असं तो जीव तोडून सांगत होता, आणि चॅनेलने ती लावली मध्यरात्री उलटल्यावर. मग २०१९ ते २०२२ मध्ये त्याने तिचेही कापून, नवीन चित्रं घालून पाच सिनेमे काढले.